जंगल वाटून देणारा माणूस



आज बोलायचं आहे बिभूतिभूषण बंद्योपाध्याय यांच्याविषयी. नाव घेतलं की बहुतेकांना ‘पथेर पांचाली’ आठवते, आणि तीही पुस्तकापेक्षा सत्यजित राय यांच्या १९५५च्या चित्रपटामुळे. रेल्वे बघायला धावणारी दोन भावंडं, ते काशाचं पांढरं रान, ती म्हातारी इंदिर ठाकरुण. पण आज मी ते सगळं बाजूला ठेवणार आहे. मला त्यांच्या दुसऱ्या एका कादंबरीपाशी थांबायचं आहे, ती म्हणजे ‘आरण्यक’. मराठी माणसाला ‘आरण्यक’ म्हटलं की रत्नाकर मतकरींचं नाटक आठवतं. ते महाभारतावरचं, हे अगदी वेगळं. हे बिहारमधलं, भागलपूर-पूर्णियाच्या बाजूचं. याचा मराठीतही अनुवाद झालेला आहे, हिंदीतही आहे. ज्यांना बंगाली येतं त्यांनी अर्थातच मूळ वाचावं.

मी साहित्याची प्राध्यापक नाही, हे आधीच सांगून टाकते. मी बँकेत होते. नोकरीची सुरुवात विदर्भात झाली, मग बदल्या होत होत भागलपूर, पुढे नवगछिया, आणि निवृत्तीनंतर आम्ही जमशेदपूरलाच राहिलो. शेतीकर्जाचं काम माझ्याकडे असायचं. खाते-उतारे, चौहद्दी, जमिनीचा पोत, कुणाच्या नावावर किती बिघे आणि प्रत्यक्षात कसतोय कोण, यात माझी वर्षं गेली. त्यामुळे ‘आरण्यक’ मी जेव्हा वाचली तेव्हा लोक सांगतात ते चांदणं, तो निळा डोंगर, ती रानफुलं मला नंतर दिसली. मला आधी दिसला तो जमीनवाटपाचा कारभार. आणि मला वाटतं की या कादंबरीत शिरायचं असेल तर तेच दार बरं आहे.

लेखकाचं थोडक्यात सांगते. जन्म १८९४चा. वडील महानंद हे संस्कृतचे पंडित आणि व्यवसायाने कथक, म्हणजे आपल्याकडचे पुराणिक म्हणा, गावोगाव जाऊन पुराण सांगणारे. घरात विद्या भरपूर आणि पैसा नाही. हे समीकरण आपल्यालाही परक्याचं वाटू नये. इच्छामती नदीच्या काठी लहानपण गेलं. कोलकात्याच्या रिपन कॉलेजात शिकले. लग्न झालं आणि वर्षभरातच पत्नी गौरी गेली. मग शाळामास्तरकी, काही दिवस गोरक्षिणी सभेसाठी फिरती व्याख्यानं, आणि त्यानंतर कोलकात्यातल्या पाथुरियाघाटाच्या घोष घराण्यात नोकरी. या घोषांची भागलपूरकडे मोठी जमीनदारी होती. तिथे बिभूतिभूषण सहायक व्यवस्थापक म्हणून गेले. ‘पथेर पांचाली’ लिहायला त्यांनी भागलपुरातच सुरुवात केली. गंमत बघा, बंगालच्या खेड्याची सगळ्यात प्रसिद्ध कथा बिहारमध्ये बसून लिहिली गेली. आणि १९२८च्या त्यांच्या दैनंदिनीत एक नोंद आहे, की या रानातल्या आयुष्यावर आपण पुढे काहीतरी लिहायचं. ते लिहायला आणखी दहाएक वर्षं गेली. ‘प्रवासी’ मासिकात ‘आरण्यक’ क्रमशः आली आणि १९३९मध्ये पुस्तक झालं.

आता गोष्ट. सत्यचरण नावाचा एक सुशिक्षित, बेकार तरुण. कोलकात्यात मेसमध्ये राहतो, बिल थकलेलं. एका श्रीमंत मित्राच्या घरची बिहारमध्ये जंगलजमीन आहे, वीस-तीस हजार बिघ्यांची. तिथे व्यवस्थापक म्हणून जा, असं ठरतं. काम काय, तर जंगल तोडून जमीन कुळांना लावून द्यायची. सलामी घ्यायची, म्हणजे आपल्याकडे ज्याला नजराणा म्हणायचे ते, आणि खंड ठरवायचा.

ही जमीन कुठून आली, हे कादंबरीत सुरुवातीलाच सांगितलंय आणि बहुतेक वाचक तिथून पुढे पटकन निघून जातात. पूर्वी तिथे गावं होती, शेती होती. नदीने ती जमीन पोटात घेतली. लोक परागंदा झाले. काही वर्षांनी नदी सरकली, जमीन पुन्हा वर आली, तिच्यावर रान माजलं. जुनी कुळं परत आली आणि म्हणाली, आमची जमीन आम्हाला द्या. जमीनदाराने नाही म्हटलं. कारण उघड आहे. जुन्या कुळांना जुन्या दराने द्यावी लागणार, नव्या माणसाकडून भरघोस सलामी आणि वाढीव खंड मिळणार.

नवगछियात मी असताना गंगा आणि कोसी या दोन नद्यांच्या मधल्या दियारा जमिनींची प्रकरणं आमच्याकडे यायची. दियारा म्हणजे नदीने आणून टाकलेली आणि नदीच कधीही परत नेऊ शकेल अशी जमीन. यंदा तारण, पुढच्या साली पाणी. त्या भागात आज तुम्ही गेलात तर केळीच्या बागा दिसतील, मका दिसेल, नजर पोचेल तिथपर्यंत शेती. ‘आरण्यक’मधलं जंगल शोधायला जाल तर सापडणार नाही. लेखकानेही प्रस्तावनेत बजावलंय की ही कादंबरी आहे, प्रवासवर्णन किंवा रोजनिशी समजू नका. तरीसुद्धा, ते रान ज्या प्रकारे गेलं तो प्रकार खराच आहे. कुणीतरी कागदावर बसून, एकेक दाखला करून, ते वाटून दिलं.

तर सत्यचरण तिथे पोचतो आणि पहिले दिवस त्याला खायला उठतात. थिएटर नाही, वाचनालय नाही, बोलायला कुणी नाही. नोकरी सोडून परत जायचा विचार तो रोज करतो. कचेरीत एक म्हातारे मुहुरी आहेत, कारकून म्हणा, गोष्ठबाबू. ते त्याला सांगतात, बाबूजी, सुरुवातीला मलाही असंच झालं होतं. पण हे रान एकदा धरतं ना, मग सोडत नाही. पुढे शहरात तुमचं मन रमणार नाही. आणि तसंच होतं. रान त्याला धरतं. घोड्यावरून चांदण्यात एकटा फिरू लागतो, कामाचं निमित्त काढून लांबच्या वाटेने जाऊ लागतो.

बिभूतिभूषणांच्या निसर्गवर्णनाबद्दल मी फार बोलणार नाही, ते वाचण्याचीच गोष्ट आहे. एवढंच सांगते की त्यांना झाडांची नावं माहीत असतात. आपल्याकडे मारुती चितमपल्ली वाचताना जो विश्वास वाटतो, की हा माणूस पाहून बोलतोय, तोच इथे वाटतो. फरक असा की चितमपल्ली वनखात्यात होते, रान राखण्याची त्यांची नोकरी. सत्यचरणची नोकरी रान संपवण्याची आहे. ज्या दिवशी त्याला या रानाशिवाय करमेनासं होतं, त्या दिवशीही सकाळी त्याने चार-दोन कुळांना जमीन लावून दिलेली असते. पुस्तकभर हे दोन धागे एकत्र चालतात आणि लेखक ते कधीही सुटे करत नाही. पगार तोडण्याचा आहे म्हणूनच तर तो तिथे आला. नाहीतर कोलकात्याच्या मेसमधल्या पोराला हे रान दिसलंच नसतं.

आणि माणसं. ती माणसंही याच नोकरीमुळे त्याला भेटतात.

कचेरीत नवीन मॅनेजर आलाय हे कळल्यावर लांबलांबून लोक चालत येतात. कशाला? भात खायला मिळेल म्हणून. त्या भागात भात हे स्वप्नातलं अन्न आहे. रोजचं खाणं मक्याचं, सातूचं, रानभाजीचं आणि चीना नावाच्या बारीक धान्याचं, आपल्या वरीच्या जवळचं. पुण्याहच्या दिवशी, म्हणजे वसुलीच्या नव्या वर्षाचा मुहूर्त असतो त्या दिवशी, कचेरीत जेवण ठेवलेलं असतं. पाऊस कोसळतोय. आमंत्रण नसलेलेही गंगोता लोक बायकापोरांसह आलेत, उघड्यावर, त्या पावसात पंगतीला बसलेत. वाढलंय काय, तर चीन्याचे दाणे, गूळ आणि पाणीदार आंबट दही. पोरं निथळतायत, जेवणात पाणी पडतंय आणि सगळे आनंदाने जेवतायत. सत्यचरण ते बघतो आणि त्याला कळतं की आपण गरिबी हा शब्द आजवर उगाच वापरत होतो. हे वाक्य माझं आहे हं, त्याचं नाही. पण त्या पानावरून उठताना मला तेच वाटलं.

मग कुंता. एका राजपूत सावकाराची विधवा. आई काशीची गाणारीण होती, म्हणून नवऱ्याच्या जातीने तिला कधी जवळ केलं नाही. नवरा गेला, पैसा गेला, पदरी लहान मुलं. थंडीच्या रात्री कचेरीच्या विहिरीपाशी ती काळोखात उभी राहते. मॅनेजरबाबूंचं जेवण झालं की पानात उरलेला भात ती घेऊन जाते, पोरांसाठी. सत्यचरणला हे बरेच दिवस माहीतच नसतं. कळल्यावर तो पानात जास्त वाढून घेऊ लागतो. दया दाखवण्याचा हा प्रकार मला फार खरा वाटतो. सरळ ताट वाढून दे की! पण तसं केलं तर तिला घेता येणार नाही, आणि यालाही देता येणार नाही. दोघांच्या मध्ये जो आडपडदा आहे त्याचा मान ठेवून जेवढं करता येईल तेवढं तो करतो. पुढे तो तिला सलामी न घेता जमीन देतो. ही जमीनसुद्धा जंगल तोडूनच निघालेली आहे, हे विसरू नका. रानाची बाजू घेऊन ‘आरण्यक’ वाचणाऱ्यांनी कुंताला नजरेसमोर ठेवावं. तिची पोरं काय खाणार होती?

आता एक माणूस खास माझ्या आवडीचा. धाओताल साहू, नवगछियाचा सावकार. लाखाचा धनी, पण मळका कपडा, धोतराच्या सोग्यात बांधलेला सातू झाडाखाली बसून खाणारा. लोक याचे पैसे बुडवतात, दस्तऐवजाची मुदत उलटून जाते, आणि हा फिर्याद करत नाही. कथाकादंबऱ्यांतला सावकार म्हणजे खलनायक, हे आपल्या मनात इतकं पक्कं असतं की हा माणूस भेटल्यावर थोडा गोंधळ उडतो. मी आयुष्यभर थकबाकीच्या याद्या केल्या. धाओताल साहू आमच्या शाखेत असता तर तपासनिसांनी त्याला उभं धरलं असतं. पण पुढे सत्यचरण स्वतः पैशाच्या अडचणीत येतो, तेव्हा हाच माणूस लिखापढीची अट न घालता रक्कम काढून देतो. याच मुलुखात रासबिहारी सिंहसारखा दुसरा सावकारही आहे, लाठीच्या जोरावर वसुली करणारा. म्हणजे लेखक भाबडा नाही. त्याने दोन्ही प्रकार बघितलेत.

आणि राजू पांडे. गरीब ब्राह्मण, दोनएक बिघे जंगलजमीन कसायला मिळालेली. वर्ष उलटतं, दुसरं निम्मं जातं, तरी साफ झालेली नाही. का? सकाळी पूजा, मग पोथी, मग जरा झाडांकडे बघत बसणं. दिवसच पुरत नाही त्याला. व्यवस्थापक म्हणून सत्यचरणने त्याला झापायला हवं. तो मात्र त्याच्याशी गप्पा मारत बसतो. राजूचा पक्का विश्वास असा की इंद्रधनुष्य वारुळातून निघतं, आणि सूर्य पूर्वेच्या डोंगरातून उगवून पश्चिमेच्या समुद्रात बुडतो. सत्यचरण सांगून बघतो की फिरते ती पृथ्वी. राजूला ते पटणं शक्यच नसतं. हा प्रसंग हसून सोडून देण्यासारखा वाटतो. पण थोड्याच पानांनंतर गावात पटकी येते, आणि मुळ्या-पाल्याची औषधं घेऊन झोपडी-झोपडीतून फिरणारा माणूस हाच राजू असतो. तिथे त्याच्या वारुळातल्या इंद्रधनुष्याचं मला काही वाटेनासं झालं.

सरस्वती कुंडी नावाचं एक तळं आहे, दाट रानात. तिथे एकदा सत्यचरणला एक माणूस जमीन उकरताना सापडतो. चौकशी केल्यावर तो घाबरतो. पकडल्यासारखा. नाव जुगलप्रसाद. हा करत काय होता? लांबून कुठून तरी रानवेलींचं बी आणून इथे लावत होता. कुणाच्या मालकीची जमीन, कुणी बघायला येणार नाही, काही उत्पन्न नाही. घरी खायची भ्रांत, आणि हा पदरचे पैसे घालून दूरदूरची फुलझाडं जमवतो. का, तर इथे ती नाहीत आणि शोभतील म्हणून. सत्यचरण त्याला पकडायचं सोडून त्याचा साथीदार होतो. कोलकात्याच्या सटन कंपनीकडून बी मागवतो. दोघं चोरून जंगलात फुलं लावत हिंडतात. आणि इकडे कचेरीत जमिनीची मागणी वाढतच असते. त्या तळ्याच्या काठावरही लोकांची नजर येऊन ठेपते. मॅनेजर ते वाटप जमेल तितकं पुढे ढकलतो, एवढंच त्याच्या हातात असतं.

आता श्रद्धेकडे येते. त्या रानातले लोक एक देव सांगतात. टांडबारो. ‘टांड’ हा शब्द आमच्या झारखंडात आजही रोजच्या वापरातला आहे. भाताची खोलगट जमीन ती दोन, आणि उंचावरची कोरडी, माळासारखी ती टांड. कर्जाच्या अर्जात हे दोन शब्द मी शेकडो वेळा लिहिलेत. टांडबारो हा रानम्हशींचा देव. शिकारी लोक कळप पकडायला खड्डे खणतात, वर फांद्या-पाला टाकतात, आणि रात्री झाडावर दबा धरून बसतात. कळप येतो. खड्ड्याच्या तोंडाशी येतो. आणि तिथे एक काळा, उंच पुरुष हात वर करून उभा असतो. तो हाताने कळपाला मागे फिरवतो. दशरथ नावाचा एक म्हातारा सांगतो की हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय.

आपल्याकडे म्हसोबा आहे. नावात म्हैस आहे, पण आपला म्हसोबा शेताच्या बांधावर बसतो, पीक राखतो, कोंबडं मागतो. वारल्यांचा वाघोबाही आहे, पण त्याच्याकडे माणूस जातो तो वाघापासून स्वतःला आणि गुराढोरांना वाचव म्हणून. टांडबारोकडे माणसासाठी काहीच नाही. तो नवसाला पावत नाही, पाऊस पाडत नाही. त्याचं एकच काम, हात वर करून उभं राहायचं, माणसाच्या विरुद्ध. आणि त्याची गोष्ट सांगणारे कोण, तर रानम्हशी पकडायला गेलेली माणसंच. हा देव त्यांनी कसा काय सांभाळला असेल? मी यावर बराच विचार केला आहे. आपल्या हातून जे होतंय त्याला कुठेतरी कुणीतरी अडवणारा असावा, असं करणाऱ्यालाच वाटत असेल का? आपल्या देवरायांत काठी तोडायला बंदी असते, ती बंदी घालणारेही बाकीचं रान तोडणारे गावकरीच असतात.

सत्यचरण त्या गोष्टीवर विश्वास ठेवतो का? तो शिकलेला आहे, तसं म्हणत नाही. पण पुढे कधीतरी कोलकात्याच्या रस्त्यावर तो एका गाडीवानाला म्हशींना चाबकाने झोडपताना बघतो, आणि त्याला चटकन टांडबारोच आठवतो. इथे रान नाही, इथे तो कसा येणार? मला वाटतं, बिभूतिभूषणांच्या श्रद्धेबद्दल जे काही कळायचं ते या एका प्रसंगात कळतं. देव आहे की नाही हा त्यांचा प्रश्न नाही. त्या देवाला उभं राहायला जागा कुठे उरली, हा आहे.

तसे ते स्वतः मोठे श्रद्धाळू. मरणानंतरच्या जगावर त्यांचा विश्वास होता, त्यावर त्यांनी १९४४मध्ये ‘देवयान’ नावाची अख्खी कादंबरी लिहिली. लवकर गेलेली गौरी त्यांच्या मनातून कधी गेली नाही. १९४०मध्ये त्यांनी दुसरं लग्न केलं, संसार केला, तरी घाटशिलाच्या त्यांच्या घराचं नाव ‘गौरीकुंज’च. १ नोव्हेंबर १९५० रोजी घाटशिलालाच ते गेले, वय ५६. जमशेदपूरहून घाटशिला तासाभरावर. सुवर्णरेखेच्या काठाचं गाव आहे, आणि ते घर बघता येतं. ‘देवयान’ मला स्वतःला फार भिडली नाही. तिथे सगळं दिसतं, सगळ्याला उत्तर मिळतं. ‘आरण्यक’मधला न दिसणारा देव मला जास्त जवळचा.

एका माणसाची गोष्ट राहिली, किंवा दोघांची. सत्यचरणला कळतं की जवळच्या डोंगरात एक राजा राहतो. दोबरू पन्ना, संथाळांचा राजा. त्याच्या पूर्वजांनी मुघलांशी लढाई दिली होती. भेटायला जातो तर राजा गुरं चारायला गेलेला. नव्वदी उलटलेला म्हातारा. त्याची पणती भानुमती, ती राजकन्या. राजघराण्याचं पुरातन दफनस्थान ते त्याला दाखवतात, एका प्रचंड वडाखाली. तिथे सत्यचरणच्या मनात येतं की आपला इतिहास म्हणजे जिंकणाऱ्यांचा इतिहास, आणि हरलेले इथे डोंगरात, कुठल्याच पुस्तकात नाहीत. १९३९च्या आधी एका बंगाली ब्राह्मण लेखकाने हे लिहिलंय, हे लक्षात घ्या. पुढे एकदा गप्पांमध्ये तो भानुमतीला विचारतो, भारतवर्षाचं नाव ऐकलंयस का? ती मान हलवते, नाही. कुठल्या दिशेला आहे ते, असं विचारते.

हा प्रसंग प्रसिद्ध आहे, लोक सांगतात तेव्हा जरा कौतुकाने सांगतात, काय निरागस मुलगी म्हणून. मला त्यात कौतुक वाटत नाही. झारखंडात राहून तर नाहीच. ज्यांच्या जमिनी राखायला १९०८मध्ये छोटा नागपूर कुळकायदा आणि १९४९मध्ये संथाळ परगणा कुळकायदा करावा लागला, त्या लोकांना भारतवर्ष कुठून, कोणत्या कागदावरून भेटायला आलं, हे बँकेच्या खुर्चीवर बसणाऱ्याला चांगलं ठाऊक असतं. भानुमतीचा प्रश्न मी नेहमी त्या बाजूने वाचते.

आणि इथेच माझी लेखकाशी थोडी कुरबुर आहे. एक तर भानुमती. सत्यचरण तिच्यात गुंततो, इथेच लग्न करून राहिलो असतो तर, असं त्याच्या मनात येतं, आणि तो निघून जातो. तिच्या मनात काय होतं ते आपल्याला नीट कळत नाही. त्याला ती राजकन्या म्हणून आवडते. गुरं राखणारी मुलगी म्हणून किती आवडली असती, शंका आहे.

दुसरी कुरबुर मोठी. ती जुनी कुळं. नदीने ज्यांची गावं नेली आणि जमीनदाराने ज्यांना परत घेतलं नाही, ते. पहिल्या काही पानांत ती येतात. त्यानंतर कुंताला जमीन मिळते, राजूला मिळते, बाहेरून आलेल्या कितीतरी लोकांना मिळते. या जुन्या लोकांचं काय झालं? सत्यचरणचं मन इतकं हळवं, म्हशीच्या पाठीवरचा चाबूक त्याला सहन होत नाही. मग याबद्दल तो गप्प का? मी दोनदा-तीनदा पुस्तक फक्त एवढ्यासाठी चाळलंय. कदाचित बिभूतिभूषणांनी घोषांच्या कचेरीत काम करताना हे अर्ज खरोखरच हाताळले असतील आणि त्यांना पुढे लिहवलं नसेल. हा माझा तर्क, त्याला पुरावा नाही. पण त्यांनी ते सुरुवातीला लिहून ठेवलं, गाळलं नाही, हेही खरं. लपवायचं असतं तर ते वाक्य नसतं तरी कुणाला कळलं असतं?

धातुरिया नावाचा एक नाचणारा पोरगा आहे यात. त्याच्याबद्दल आज मुद्दामच बोलले नाही. कोलकात्यात नाच दाखवायचं त्याच्या मनात होतं. त्याचं पुढे काय झालं ते तुम्हीच वाचा. आणि मंची, रंगीत मण्यांच्या माळेसाठी सुगीचं धान्य देऊन टाकणारी.

शेवटी सत्यचरण नोकरी सोडून निघतो. पालखीतून. ज्या वाटेने आला तेव्हा दोन्ही बाजूंना किर्र रान होतं, तिथे आता घरं आहेत, मक्याची शेतं आहेत, पोरं खेळतायत, गुरं बांधलीयत, विहिरीवर बायका आहेत. वस्ती झालीय, धूर निघतोय. हे सगळं त्याच्या सहीने झालंय. आणि तो त्या रानातल्या आदिम देवांची क्षमा मागतो. त्या देवांचीच. ज्यांना जमीन मिळाली ती माणसं त्याला निरोप द्यायला आलेली असतात, काही जण रडत असतात. जुन्या कुळांपैकी तिथे कुणी होतं की नाही, हे काही लेखक सांगत नाही.

पुस्तक साधारण मध्यम जाडीचं आहे. कथानक शोधत वाचू नका, एकेक माणूस भेटत जातं तसं वाचा. पावसाळ्यात वाचलंत तर आणखी बरं.